लावणीही करायची आणि सिनेमातली छोटी कामंही: कसं जमवायचं

मागच्या महिन्यात आमच्या कोल्हापुरातल्या मंगळवार पेठेतली एक पोरगी घरी आली. कॉलेजच्या दुसऱ्या वर्षाला आहे, थोडं कथ्थक शिकलेली, डोळे बोलके. म्हणाली, "मावशी, मला लावणी करायची आहे आणि सिनेमातही काम करायचं आहे. आई म्हणते, एक काहीतरी धर." दोन तास तिला समोर बसवून सांगितलं, तरी निम्मं राहिलंच. म्हणून आता लिहून काढते. तिच्यासारख्या आणखी कुणाच्या उपयोगी पडलं तर बरंच.

मी १९७४ साली, सोळाव्या वर्षी, माझ्या सख्ख्या मावशीच्या तमाशाच्या फडात पायात घुंगरांचे चाळ बांधले. १९७८ ला जयप्रभा स्टुडिओत पहिल्यांदा कॅमेऱ्यासमोर उभी राहिले, नायिकेच्या मागे कमरेवर घागर घेऊन. पुढे पंचवीसेक वर्षं दोन्ही केलं. नायिका कधी झाले नाही. मैत्रीण झाले, धाकटी जाऊ झाले, वाड्यावर नाचायला आलेली बाई झाले, चहाडखोर शेजारीण झाले, शेवटी सासू. सिनेमाचं काम वर्षाला तीन-चार वेळा यायचं आणि एकेक काम पाच-सहा दिवसांचं. त्यावर चूल पेटत नाही. माझं घर चाललं ते चाळांवर. पण पडद्यावर तोंड दिसलं की पुढच्या हंगामात खेळाची सुपारी देणारा, म्हणजे खेळ ठरवणारा माणूस दोन पैसे जास्त बोलायचा, आणि फडात रोज नाचत असल्यामुळे सेटवर माझे पाय कधी अडखळले नाहीत. एकानं दुसऱ्याला धरून ठेवलं. म्हणून "एक काहीतरी धर" हे मी त्या पोरीला सांगितलं नाही.

आधी पाय

पहिले सहा महिने चाळ विकत घेऊ नकोस. मावशीनं मला आठ महिने नुसत्या पायांनी नाचवलं, पहाटे पाचला, सारवलेल्या जमिनीवर. टाच कुठे पडली, चवडा कुठे, सपाट पाय कुठे, हे शेजारच्या खोलीत डोळे मिटून बसलेल्याला कळलं पाहिजे. चाळ बांधले की त्या छुमछुमीत चुका झाकल्या जातात आणि मग त्या आयुष्यभर पायात राहतात. त्यानंतर एका पायाला ५० घुंगरांनी सुरुवात कर आणि दर दोन महिन्यांनी २५ वाढव. माझे शेवटी एका पायाला २०० होते, पितळी. दोन्ही मिळून साडेचार किलोच्या आसपास भरायचे.

चाळ बसून बांधायचे, गुडघा वाकवून. उभ्यानं बांधलेले चाळ खाली बसल्यावर काचतात. घोट्यावर आधी जुन्या धोतराच्या पट्टीचे दोन वेढे घे आणि पहिला पदर घोट्याच्या हाडाच्या वर येऊ दे. गाठ बाहेरच्या अंगाला. आतल्या अंगाला ठेवलीस तर गिरकीत दुसऱ्या पायाच्या घुंगरात अडकेल आणि तोंडावर पडशील. पन्हाळ्याच्या पायथ्याच्या एका गावात जत्रेला माझं तेच झालं. पुढचा दात तेव्हाच गेला.

उडी मारून खाली येताना गुडघा सैल ठेव. गावोगावची स्टेजं फळ्यांची असतात, मध्ये फटी असतात, खिळे वर आलेले असतात. खेळाआधी उजेडात, अनवाणी, सगळं स्टेज एकदा चालून बघ आणि कुठली फळी दबते ते लक्षात ठेव. ऐन तरुणपणी मी ताठ गुडघ्यानं उड्या मारल्या आणि त्याचं देणं आता जिना उतरताना फेडते आहे.

ढोलकीवाला मिळाल्याशिवाय लावणी शिकता येत नाही. मोबाईलवरच्या गाण्यावर पाय बसतील, पण गाणं तुझं ऐकत नाही. ढोलकीवाला ऐकतो. आमचे ढोलकीवाले मामा मला त्यांच्याकडे पाठ करून उभी करायचे आणि एक तुकडा वाजवायचे. मी तो पायानं परत द्यायचा. मग ते मध्येच लय चढवायचे, आणि मला ते त्यांच्या हाताआधी, त्यांच्या श्वासावरून कळायला लागलं तेव्हा म्हणाले, "आता फडात चल." त्याला दीड वर्ष लागलं होतं.

अदा म्हणजे काय, ते एका ओळीत शीक

लावणी म्हणजे उड्या, अशी हल्ली समजूत झाली आहे. मोठ्या भोंग्यावर गाणं लावून मांडी थोपटली की टाळ्या येतात, हे खरं आहे, आणि पोट त्यावरही भरतं. पण तेवढंच येत असेल तर तिशीनंतर तुला कुणी बोलावणार नाही, आणि सिनेमाच्या क्लोज-अपमध्ये तर तू उभीच राहू शकणार नाहीस. अदा, म्हणजे चेहऱ्यानं आणि नजरेनं ओळीचा अर्थ दाखवणं, यायला हवी तर बैठकीची लावणी शीक. एका जागी बसायचं, एकच ओळ पुनःपुन्हा म्हणायची आणि प्रत्येक वेळी तिचा अर्थ बदलायचा. वाईच्या यमुनाबाई वाईकरांना मी उतारवयात बघितलं. त्या नुसत्या बसल्या होत्या. एका शब्दावर पदराचं टोक बोटाला गुंडाळलं, तोच शब्द पुन्हा आला तेव्हा सोडलं, आणि सगळी बैठक हलली. त्यांना २०१२ साली पद्मश्री मिळाली तेव्हा आमच्या घरी पुरणपोळी झाली होती.

रियाज असा कर. आरशासमोर मांडी घालून बस, हात मांडीखाली दाबून ठेव. कुठलंही एक साधं वाक्य घे, "आज येणार होता ना?" एवढंच. ते आठ प्रकारे म्हण: रागानं, लाडानं, थट्टेनं, भीतीनं, कुणीतरी ऐकतंय म्हणून हळू, मनातून उतरलेल्या माणसाला, मेलेल्या माणसाच्या फोटोला, आणि शेवटी काहीच नको असल्यासारखं. हात वापरायचे नाहीत. महिनाभर रोज. हा रियाज मला दोन्हीकडे पुरला.

नऊवारी स्वतः नेसायला शीक

शिवलेली नऊवारी आता महाद्वार रोडवर हवी तशी मिळते आणि दोन गाण्यांच्या मध्ये पटकन बदलायची असेल तर जवळ एक असावी. पण नेसता आलंच पाहिजे, कारण सेटवरच्या शूटिंगमध्ये काष्टा सुटला तर बाकी सगळे तुझ्यासाठी थांबतात.

आत गुडघ्यापर्यंतची घट्ट चड्डी आणि कमरेला सुती नाडा, श्वास घेता येईल पण सरकणार नाही इतका. पदराचं माप आधी काढून खांद्यावर टाकून ठेव. दुसरं टोक कमरेला फिरवून बेंबीपाशी पक्की गाठ मार. मध्ये जो झोळ उरतो त्याच्या निऱ्या कर, खोच, आणि खालचं मधलं टोक दोन्ही पायांमधून मागे ओढून काष्टा घाल. काष्टा ओढताना पाय फाकवून, थोडी खाली बसून ओढ, नाहीतर पहिल्याच बैठकीला फाटेल. मग पोटऱ्यांवरच्या चुण्या सारख्या कर. चाळ दिसले पाहिजेत आणि काठ त्यांच्यात अडकता कामा नये. वर कमरपट्टा. तो दागिना खरा, पण त्याचं खरं काम नाड्यावर पकड ठेवण्याचं.

नव्या कोऱ्या साडीत कधीच नाचू नकोस, आधी दोनदा धू. आणि गुजरीतून, म्हणजे आपल्या सराफांच्या पेठेतून, गळ्यातला खरा साज घेण्याची घाई करू नकोस. स्टेजसाठी पॉलिशचा, खोटा साज वापर. सोन्याचा साज मी एकदाच घालून नाचले. गाण्याकडे लक्षच नव्हतं, सगळं लक्ष गळ्याकडे.

कॅमेऱ्यासमोर

फडात माझी नजर शेवटच्या रांगेतल्या, सायकलवर एक पाय टेकून उभ्या असलेल्या माणसापर्यंत जायची. जयप्रभातल्या पहिल्या दिवशी मी तशीच नजर टाकली आणि दिग्दर्शक म्हणाले, "बाई, एवढी घाबरलीस कशाला?" मला घाबरल्याचा अभिनय करायचा नव्हता. मी लाजत होते. स्टेजवरची लाज कॅमेऱ्यात भीती दिसली.

त्या दिवशी कॅमेऱ्यावरच्या मदतनिसानं मला एक गोष्ट शिकवली. शॉटआधी विचारायचं, "दादा, कुठपर्यंत दिसतंय?" तो हातानं दाखवतो: कमरेपर्यंत, छातीपर्यंत, किंवा हनुवटीखाली. कमरेपर्यंत असेल तर हात बोलू देत. छातीपर्यंत असेल तर खांदा आणि मान. हनुवटीखाली हात दाखवला तर काही करू नकोस, फक्त विचार कर आणि पापणी उचल. हा प्रश्न विचारायला लाजू नकोस. मोठमोठ्या बायका विचारतात.

जमिनीवर खडूची खूण असते, तिथं थांबायचं असतं आणि खाली बघायचं नसतं. अनवाणी काम असेल तर खुणेवर चपटा खडा ठेवून घे, अंगठ्याला लागतो. चपला असतील तर खुणेवर उभी राहून उलट पावलं मोजत मागे जा आणि तितक्याच पावलांत पुढे ये. दिवा बरोबर लागला की नाही ते गालाला कळतं, त्याची ऊब जाणवते. आताच्या दिव्यांना तेवढी ऊब नसते, तेव्हा तालमीतच विचारून घे.

गाण्याचं शूटिंग तुकड्यातुकड्यांत होतं. मुखडा आज, कडवं परवा, मधलं संगीत कधीतरी शेवटी. गाणं आधी रेकॉर्ड झालेलं असतं, तू त्यावर ओठ हलवायचे. नुसते हलवू नकोस, खऱ्या आवाजात गा. गळ्याची शीर हलली नाही की खोटं दिसतं. गाणारीचा श्वास कुठे आहे ते आधी पाठ कर. सुलोचना चव्हाणांची लावणी ऐकत बस, त्या शब्दाला कुठे ठसका देतात ते बघ. तिथंच तुझी भुवई उडली पाहिजे, अर्धा क्षण उशीर चालत नाही.

आता मदतनीस भूमिकेचं खरं मर्म. तू नायिकेच्या बाजूला उभी आहेस, बोलते आहे ती. तुझ्या हाताला काम दे: सुपात तांदूळ निवड, कंदिलाची काच पूस. पण ते दिग्दर्शकाला विचारून. आणि जे करशील ते प्रत्येक वेळी त्याच शब्दावर कर. एका सिनेमात नायिका "पाहुणं आलं" म्हणाली की मी तांब्या खाली ठेवायची. सात वेळा शॉट झाला, सातही वेळा "आलं"वर तांब्या टेकला. पुढे संकलन करणाऱ्या काकांनी निरोप पाठवला की तुमच्यामुळे आमचं काम सोपं झालं. त्या एका निरोपानं मला पुढची तीन कामं दिली. त्या काळी निगेटिव्ह महाग असे, रिटेक म्हणजे निर्मात्याच्या खिशाला भोक. आता डिजिटलमुळे तेवढी धास्ती नाही, पण सगळ्यांचा वेळ अजूनही तेवढाच महाग आहे.

गजरा किती पदरी होता, बांगड्या कुठल्या हातात किती, पदर उजव्या हातात होता की कमरेला खोचलेला, हे सहायकाच्या भरवशावर सोडू नकोस. शॉट संपला की वहीत लिही. आता मोबाईलनं फोटो काढून ठेवता येतो, तो काढ.

भाषेचं एक. आपण कोल्हापुरातल्या बायका "मी जातो, मी येतो" म्हणतो. पुण्या-मुंबईची मंडळी आधी हसतात. हसू देत. तुला शुद्ध म्हणतात तेही बोलता आलं पाहिजे, वर्तमानपत्रातला एक रकाना रोज मोठ्यानं वाच. पण घरातलं बोलणं विसरू नकोस. गावाकडची जाऊ करायची वेळ आली तेव्हा तालमीत दोन दिवस भाषा शिकणाऱ्या चार जणींच्या पुढे मी उभी राहिले आणि काम मला मिळालं.

कामं कुठून येतात

मोरेवाडीच्या चित्रनगरीत मालिका आणि सिनेमांची शूटिंगं चालतात. मराठी चित्रपट महामंडळाचं मुख्य कार्यालय आपल्याच गावात आहे, सभासद हो. तीन फोटो पुरे: साधा चेहरा, नऊवारी, सहावारी. आणि एक मिनिटाची चित्रफीत, ज्यात तू नाचत नाहीस, बोलतेस. रील टाकायचे तर टाक, त्याबद्दल मला फारसं सांगता येणार नाही.

तमाशाचा हंगाम दसऱ्यापासून बुद्धपौर्णिमेपर्यंत, आणि त्यातही चैत्र-वैशाखातल्या जत्रांना उसंत नसते. म्हणून सिनेमाला पावसाळ्याच्या तारखा दे. हंगामातली तारीख मागितली तर आधी फडाला विचार. फडाला दिलेला शब्द सिनेमासाठी मोडलेल्या दोघी-तिघी मी बघितल्या. सिनेमा पुढं ढकलला गेला आणि फडात त्यांच्या जागी दुसरी उभी होती.

पैसा आणि दार

सुपारी ठरवताना निम्मे पैसे आगाऊ, उरलेले चाळ बांधायच्या आधी. खेळ संपल्यावर आयोजक सापडत नाही. किती गाणी, किती वाजेपर्यंत, कपडे बदलायला आतून कडी लागणारी खोली, संडास, आणि परतीची गाडी, हे सगळं कागदावर लिहून त्यावर सही घे. स्टेज सोडून लोकांत उतरायचं नाही, बक्षीस घेऊन कुणीही वर यायचं नाही, ते ढोलकीवाल्याच्या हातात द्यायचं. खाजगी बैठकीला आपली माणसं सोबत नसतील तर नाही म्हण, कितीही पैसे असोत. पेटीत दोन जाड चादरी, दोरी आणि चाप ठेव, आणि खोलीत शिरल्याबरोबर खिडकी, फट, झरोका सगळं झाक. मोबाईल आल्यापासून ही गोष्ट मी पहिल्या क्रमांकावर घातली आहे.

सिनेमाच्या बाबतीत, डबिंगच्या दिवसाचे पैसे वेगळे ठरव. एका निर्मात्यानं मला शेवटच्या दिवशी चेक दिला, तो वटला नाही, आणि तोवर सिनेमा लागूनही गेला होता. तेव्हापासून मी डबिंगला बसण्याआधी हिशेब पुरा करून घ्यायची. आवाज राहिलेला असतो तोवर तुझी गरज असते.

प्रत्येक कामाची नोंद ठेव: तारीख, गाव, कामाचं नाव, ठरलेले किती, मिळाले किती. जाहिराती, कात्रणं, प्रमाणपत्रं, सगळं पत्र्याच्या पेटीत. वय ५० झालं की राज्य सरकारच्या ज्येष्ठ कलावंत मानधन योजनेत अर्ज करता येतो, राजर्षी शाहू महाराजांच्या नावाची योजना आहे आणि २०२४ पासून महिना ५००० रुपये मिळतात. पण तिथं कामाचे पुरावे लागतात. माझ्याबरोबरीच्या एकीनं माझ्यापेक्षा दुप्पट खेळ केले होते. तिच्याकडे एक कागद नव्हता. माझ्या वहीत तिच्यासोबतच्या खेळांच्या तारखा होत्या, त्या घेऊन आम्ही दोघी कचेरीत तीन चकरा मारल्या.

घरचे आणि लोक काय म्हणतील

दिग्दर्शक बाबूराव पेंटरांनी १९२० साली ह्याच गावात बायकांना कॅमेऱ्यासमोर उभं केलं. त्या आधी बायकांची बहुतेक कामं पुरुष करायचे. शंभर वर्षं झाली, तरी त्या पोरीची आई माझ्या दारात यायला कचरते. तिच्यावर मी रागवत नाही. मी तिला घरी बोलावलं, चहा दिला आणि वही दाखवली. पोरीनंही आईपासून काही लपवू नये. कुठल्या गावी, कुणासोबत, किती वाजता परत, हे आईला माहीत असलेली पोरगी जास्त सुरक्षित असते.

तमाशातल्या विठाबाई नारायणगावकर पोटुशी असताना नाचल्या, पडद्यामागे बाळंत झाल्या आणि पुन्हा स्टेजवर आल्या, ही गोष्ट तुला सगळे सांगतील आणि सांगताना त्यांचा ऊर भरून येईल. माझाही येतो. पण मला प्रत्येक वेळी वाटतं, त्या रात्री कुणीतरी खेळ थांबवायला हवा होता. राष्ट्रपतींचं पदक मिळवलेल्या त्या बाईंची अखेरची वर्षं हलाखीत गेली. तू ताप असेल तर नाचू नकोस. पाळीच्या दिवसांत गाणी कमी घे. बाळंतपणानंतर सहा महिने घरी बस. आणि त्या सहा महिन्यांचे पैसे आधीच बाजूला काढून ठेव, दर खेळामागे दहावा हिस्सा.

केशवराव भोसले नाट्यगृह ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री जळालं तेव्हा मी खासबागेच्या बाजूला रस्त्यावर उभी होते. शाहू महाराजांनी बांधलेलं, १९१५ पासूनचं. तिथल्या रंगपटात माझी एक ठरलेली जागा होती, उजवीकडून दुसरा आरसा. ही गोष्ट मार्गदर्शनात बसत नाही, पण ती लिहिल्याशिवाय मला पुढे जाता येत नव्हतं.

खेळाच्या दिवशी

खेळाच्या तीन तास आधी पोटभर जेव, भाकरी आणि पातळ काहीतरी, तिखट कमी. नंतर फक्त गूळ-शेंगदाणे आणि घोट घोट पाणी. मेकअप उकाड्यात वितळतो, म्हणून तो लावण्याआधी फडक्यात बर्फ बांधून चेहऱ्यावर फिरव. चाळ बांधण्याआधी त्यांना हात लावून नमस्कार कर. श्रद्धा असो-नसो, त्या निमित्तानं दोरी कुठं विरली आहे का ते बोटांना कळतं.

खेळ संपला की लगेच बसू नकोस, पाच मिनिटं हळूहळू चाल. मग चाळ सोड आणि घुंगरं मोज. एखादं पडलं असेल तर स्टेजवर जाऊन शोध, मागून येणारीच्या पायात ते रुततं. चाळ कोरड्या फडक्यानं पूस, घामानं पितळ हिरवं पडतं. खोबरेल तेलानं तोंडावरचा रंग उतरव, साबण नंतर. कोमट पाण्यात मीठ टाकून दहा मिनिटं पाय ठेव. पाय पाण्यात असतानाच वही मांडीवर घे आणि आजची ओळ लिही.